तडजोड हुकूमनामा बेलिफाला वाचता आला पाहिजे

सातारा जिल्ह्यातल्या एका वाचकाचा प्रश्न आहे. वडील २०११ साली वारले. मागे वडिलोपार्जित ६ एकर १२ गुंठे बागायत, त्यातली एक विहीर आणि गावातले जुने घर. आई, तिघे भाऊ, दोन बहिणी. मधला भाऊ २०१९ मध्ये गेला. त्याची बायको आणि १५ वर्षांचा मुलगा आहे. थोरल्या बहिणीने २०१६ साली वाटपाचा दावा लावला, तो अजून पुराव्यावर अडकलाय. आता दिवाळीत सगळे एकत्र बसले आणि ठरले की धाकट्या बहिणीला रस्त्याकडेचे २० गुंठे द्यायचे, थोरलीला जमिनीऐवजी ९ लाख (दोघे भाऊ निम्मे निम्मे देणार), उरलेली जमीन तिन्ही भावांच्या शाखांत वाटायची आणि आई घरात राहील. वाचक विचारतात: हे कोर्टातून करायचे की लोकअदालतीतून? रजिस्टर करावे लागते का? पुढे कुणी फिरला तर? पुतण्याच्या वतीने सही कुणाची? शिवाय एक वकील म्हणतात, "तुम्ही कुणी येऊ नका, मी सही करून देतो." ते चालेल का?

तालुक्याच्या दिवाणी कोर्टात मी २६ वर्षे काम करतोय. तडजोडीने निकाली निघालेले पुष्कळ दावे पाहिले आणि त्यातले काही पाच-सात वर्षांनी दरखास्त (कोर्टाचा हुकूमनामा, म्हणजे डिक्री, अमलात आणायचा अर्ज) होऊन परत आलेलेही पाहिले. परत येतात ते लोक वाईट असतात म्हणून नव्हे. ठरले त्या दिवशी सगळे एकमेकांना पेढे भरवत असतात, त्यामुळे काय लिहिले ते कुणी नीट वाचत नाही. पुढे अंमलबजावणीला येतो तो कोर्टाचा बेलिफ. त्याला तुमची दिवाळीची बैठक माहीत नसते, मामांनी काय शब्द दिला होता ते माहीत नसते. त्याच्या हातात फक्त कागद असतो. म्हणून तडजोड लिहिताना मी नेहमी एकच बघतो: हा कागद घेऊन अनोळखी माणूस बांधावर उभा राहिला, तर कुणालाही न विचारता त्याला काम करता येईल का?

आधी एक चूक सांगतो, कारण ती तुमच्याकडे होण्याच्या बेतात दिसते. घरात ठरले की लोक स्टॅम्प पेपरवर 'समजुतीचा करारनामा' करतात, नोटरीचा शिक्का घेतात आणि कोर्टात एक ओळीची पुरसीस (पक्षकारांचे लेखी निवेदन) देतात: 'आपसात मिटले आहे, दावा चालवणे नाही.' दावा निकाली निघतो. हातात काय राहते? नोटरीचा कागद. उद्या भावाने हप्ता थकवला तर त्या कागदावर दरखास्त चालत नाही, नवा दावा लावावा लागतो. म्हणजे २०१६ पासूनची सगळी वर्षे पाण्यात. दावा काढून घेऊ नका. ठरलेल्या अटी दाव्यातच दाखल करा आणि त्यावर हुकूमनामा घ्या. याचा रस्ता दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम ३ मध्ये आहे.

या नियमाला हवे ते एवढेच: तडजोड कायदेशीर असावी, लेखी असावी आणि पक्षकारांनी सही केलेली असावी. 'लेखी आणि सहीची' ही अट १९७६ च्या दुरुस्तीने आली. त्याआधी तोंडी तडजोडीवरूनही भांडणे चालायची. त्याच दुरुस्तीने आणखी एक सोय झाली. तडजोडीतली एखादी बाब दाव्याच्या विषयात नसली तरी, ती दाव्यातल्याच पक्षकारांमधली असेल तर, हुकूमनाम्यात घेता येते. ही सोय जपून वापरा. का ते नोंदणीच्या प्रश्नात येईल.

'पक्षकारांनी' म्हणजे सर्व पक्षकारांनी. वाटपाच्या दाव्यात प्रत्येक जण एका अर्थी वादीच असतो, त्यामुळे एकाला वगळून बाकीच्यांनी केलेली तडजोड टिकत नाही. प्रशांतकुमार साहू विरुद्ध चारुलता साहू या खटल्यात २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले. तिथे भावाने एका बहिणीबरोबर तडजोड केली होती आणि दुसऱ्या बहिणीची सही नव्हती. तुमच्याकडे मधल्या भावाचे वारस रेकॉर्डवर आणले आहेत का, हे आजच वकिलांना विचारा. दाव्याच्या कागदावर अजून मयत भावाचेच नाव असेल तर पहिले काम ते. आणखी एक गोष्ट लोकांच्या लक्षात येत नाही: मयत मुलाची आई ही त्याची पहिल्या वर्गाची वारस असते. म्हणजे मधल्याच्या वाट्यातही आईचा बारीक हिस्सा आहे. तडजोडीत तिने तो कुणाला सोडला याची एक ओळ हवीच. आणि दावा चालू असताना कुणी चार-दोन गुंठे विकून बसला असेल, तर तो खरेदीदारही टेबलाशी आणावा लागेल. बैठकीत ही गोष्ट कुणी सांगत नाही. ताजा सातबारा काढला की कळते.

हिस्से किती पडतात ते एकदा समोर ठेवा, म्हणजे कोण काय सोडतोय हे सगळ्यांना दिसेल. विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या ११ ऑगस्ट २०२० च्या निकालानंतर मुली जन्मानेच सहदायाद (वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतक्याच हक्कदार) आहेत, यात शंका उरलेली नाही. वडील, तीन मुलगे, दोन मुली आणि वाटपात आईचा वाटा असे सात भाग. वडिलांचा सातवा भाग पुन्हा सहा वारसांत. हिशेब करा, प्रत्येकाला बरोबर एक षष्ठांश येतो. ६ एकर १२ गुंठे म्हणजे २५२ गुंठे, तर प्रत्येकी ४२ गुंठे. तुमच्या तडजोडीत धाकटी बहीण २० घेते, थोरली ४२ च्या बदल्यात ९ लाख घेते, आई शेतात काहीच घेत नाही. राहिले २३२. ते तुम्ही ७७, ७७ आणि पुतण्याच्या शाखेला ७८ असे केलेत. कुणी किती सोडावे हा तुमच्या घरातला प्रश्न आहे आणि कोर्ट त्यात सहसा पडत नाही. पण हे आकडे पुरसिशीत लिहा. 'माझा हिस्सा ४२ गुंठे येतो याची मला जाणीव आहे व मी राजीखुशीने ९ लाख रुपये स्वीकारून तो सोडत आहे' हे वाक्य थोरल्या बहिणीच्या तोंडी असेल, तर पुढे 'मला किती मिळत होते तेच सांगितले नाही' ही तक्रार उभी राहत नाही.

पुतण्या अज्ञान (कायद्याने १८ वर्षांखालचा) आहे, आणि तुमच्या तडजोडीचा सगळ्यात नाजूक सांधा तोच आहे. त्याची आई पालक म्हणून सही करेल, पण नुसत्या सहीने भागत नाही. आदेश ३२ नियम ७ प्रमाणे कोर्टाची परवानगी घ्यावी लागते आणि ती परवानगी रेकॉर्डवर स्पष्ट नोंदलेली असावी लागते. त्यासाठी वेगळा अर्ज, पालकाचे प्रतिज्ञापत्र आणि वकिलाचा दाखला की ही तडजोड अज्ञानाच्या हिताची आहे. परवानगीविना केली तर ती तडजोड अज्ञान सोडून बाकी सगळ्यांविरुद्ध रद्द होऊ शकते. म्हणजे पुतण्या उद्या उठून ती मोडू शकतो, तुम्ही मात्र मोडू शकत नाही. पोरगा तीन वर्षांत सज्ञान होईल, तेव्हा सासरच्या किंवा मित्रांच्या सल्ल्याने काय करेल याचा भरवसा आज कुणी देऊ नये. तुमच्या बाबतीत परवानगी अवघड दिसत नाही, कारण त्याच्या शाखेला ७८ गुंठे मिळतात आणि पैशाचा बोजा नाही. अर्जात हे तसेच्या तसे मांडा. मात्र विधवा भावजयीचा वाटा आणि मुलाचा वाटा एकाच ७८ गुंठ्यांत आहेत, तेव्हा दोघांची नावे वेगळी लावा. 'अमुकची शाखा' असे लिहून सोडू नका.

आता नोंदणी. यावर गावात दहा मते ऐकायला मिळतात. नोंदणी कायद्याच्या कलम १७ मध्ये कोर्टाच्या हुकूमनाम्याला सूट आहे, पण तडजोडीवरून झालेला हुकूमनामा दाव्याबाहेरच्या स्थावर मिळकतीला हात लावत असेल तर त्या मिळकतीपुरती सूट नाही. १९९५ च्या भूपसिंग निकालाने आणखी एक कसोटी घातली: हुकूमनामा आधीपासूनचा हक्क मान्य करतोय, की नव्यानेच हक्क निर्माण करतोय? नवा हक्क असेल तर नोंदणी हवी, नाहीतर लोक मुद्रांक चुकवायला लुटुपुटूचे दावे लावतील. तसे लावतातही, मी पाहिलेत. २० डिसेंबर २०२४ ला मुकेश विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा स्पष्ट केले: संगनमत नाही, मिळकत दाव्यातलीच आहे आणि हक्क आधीचा आहे, तर नोंदणीची गरज नाही. तुमच्याकडे जमीन, विहीर, घर हे सगळे दाव्याच्या मिळकत वर्णनात असेल आणि सगळे वारसच असतील, तर नोंदणी लागणार नाही. पण धाकट्या बहिणीने 'माझे २० गुंठे माझ्या नवऱ्याच्या नावे लावा' म्हटले तर प्रकरण बदलते. नवऱ्याचा या मिळकतीत आधीचा काहीही हक्क नाही. तसेच घर दाव्यात घालायचे राहिले असेल तर आधी दाव्यात दुरुस्ती करून ते आत घ्या, मग तडजोड करा. वर म्हटलेली सोय जपून वापरा ती याचसाठी.

नोंदणी नाही म्हणजे स्टॅम्पही नाही, असे मात्र नाही. वाटपाचा अंतिम हुकूमनामा मुद्रांक कायद्याच्या नजरेत वाटपाचा दस्तच असतो आणि तो स्टॅम्प पेपरवर उतरवून घ्यावा लागतो. शेतजमिनीच्या वाटपाला महाराष्ट्रात हा खर्च नाममात्र आहे; घराचा हिशेब वेगळा पडतो. खर्चापेक्षा मुदत महत्त्वाची. 'स्टॅम्प दिला नाही तोवर बारा वर्षे सुरूच होत नाहीत' असा समज अजून फिरतो. २००५ साली चिरंजीलाल विरुद्ध हरिदास या निकालात सर्वोच्च न्यायालयाने तो खोडला. दरखास्तीची १२ वर्षे हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजतात, स्टॅम्प तुम्ही कधीही द्या.

लोकअदालत की कोर्ट, याचे उत्तर माणसागणिक बदलते. लोकअदालतीतल्या निवाड्याला दिवाणी हुकूमनाम्याचाच दर्जा असतो, त्यावर अपील नाही, शिवाय भरलेली कोर्ट फी परत मिळते. तुमच्या दाव्यात वादी बहीण आहे. महाराष्ट्रात १९९४ च्या अधिसूचनेने मिळकतीच्या वादात महिलांना कोर्ट फी माफ आहे, तेव्हा परत मिळण्यासारखे बहुधा काही नसेलच. निवाड्याला आव्हान द्यायचे तर २००८ च्या जालौरसिंग निकालाप्रमाणे फक्त उच्च न्यायालयात रिट आणि तेही फार मोजक्या कारणांवर. सातारकरांना १८ ऑगस्ट २०२५ पासून त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही, कोल्हापूरचे सर्किट बेंच आहे, एवढेच समाधान. मी बँकेची, चेकची, अपघाताची प्रकरणे बिनधास्त लोकअदालतीत नेतो. पण अज्ञान मुलगा, म्हातारी आई आणि विहिरीची पाळी असलेले वाटप मी त्या गर्दीच्या शनिवारी ठेवत नाही. त्या दिवशी पॅनेलसमोर ढीगभर फाइली असतात, बाहेर लोक खोळंबलेले असतात आणि तुमच्या पुरसिशीचे तिसरे पान कुणी उलटत नाही. नेहमीच्या बोर्डावर, शांतपणे तडजोड पडताळून घ्या.

पडताळणी म्हणजे काय, ते एका दिवसाच्या गोष्टीने सांगतो. असेच वाटपाचे प्रकरण होते. पुरसीस मीच लिहिलेली, सहा पाने. सगळे पक्षकार हजर, वकिलांनी ओळख पटवली, न्यायाधीशांनी एकेकाला विचारायला सुरुवात केली: वाचले का, कळले का, कुणाचा दबाव नाही ना? आई पंचाहत्तरीच्या पुढे, अंगठा लावणारी. साहेबांनी विचारले, "आजी, यात काय लिहिलंय ठाऊक आहे का?" आजी म्हणाली, "माझं अंथरूण माजघरातनं हलवायचं न्हाई, एवढं लिवलंय का बघा." साहेबांनी माझ्याकडे पाहिले. मी लिहिले होते: 'आईस घरात राहण्याचा तहहयात हक्क राहील.' कुठल्या खोलीत, ते नव्हते. आणि घर तर दोन भावांत मध्ये भिंत घालून वाटले होते. माजघर धाकट्याच्या बाजूला गेले होते आणि आजीचे पटायचे थोरल्याशी. साहेबांनी प्रकरण दुपारच्या सत्रात ठेवले. आम्ही बार रूममध्ये बसून हाताने कलम वाढवले: माजघर, त्याला लागून असलेली न्हाणी आणि परसात जायचा बोळ यांचा वापर आईचा, तिच्या हयातीत कुणी तिथे कुलूप लावणार नाही. खाडाखोडीशेजारी सगळ्यांच्या सह्या, आजीचा अंगठा आणि खाली 'मजकूर वाचून दाखवला, बरोबर असल्याचे सांगितले' असा शेरा. तेव्हापासून म्हाताऱ्या माणसाला मी खोली, दार आणि संडासची वाट विचारल्याशिवाय 'तहहयात हक्क' हे शब्द लिहीत नाही.

तुमच्या वकिलांच्या प्रश्नाचे उत्तरही यातच आहे. बायरम पेस्टनजी गारीवाला विरुद्ध युनियन बँक या १९९१ च्या निकालानुसार पक्षकाराने अधिकार दिलेला वकील त्याच्या वतीने तडजोडीवर सही करू शकतो. कायद्याने चालते. पण घरच्या वाटपात मी ते कधीच करत नाही, तुम्हीही करू देऊ नका. जो माणूस कोर्टात उभा राहून 'हो, मला मान्य' म्हणाला, त्याला नंतर 'मला माहीतच नव्हते' म्हणणे जड जाते. रोजनाम्यात (कोर्टाच्या रोजच्या कामाच्या नोंदीत) त्याची हजेरी असते. कुणी परदेशात असेल तर तिथल्या भारतीय वकिलातीत साक्षांकित केलेले कुलमुखत्यारपत्र मागवा, त्यात 'या दाव्यात या अटींवर तडजोड करणे' हे नेमके शब्द असू द्या, आणि ते भारतात पोहोचल्यापासून तीन महिन्यांत मुद्रांकित करून घ्या. मुखत्यार अर्थात दुसऱ्या भावाला करू नका.

आता अटी लिहिण्याबद्दल. जवळपास प्रत्येक पुरसिशीत एक वाक्य असते: 'विहिरीचे पाणी सर्वांनी सामंजस्याने वापरावे.' माझ्याकडे असा एक हुकूमनामा दरखास्तीत आला होता. बेलिफ एप्रिलमध्ये गेला. थोरला म्हणाला, सामंजस्याने आज माझी पाळी. धाकटा म्हणाला, सामंजस्याने माझी. बेलिफ पंचनामा करून परत आला. त्याने काय करायचे होते? पाण्याचे कलम असे लिहा:

'गट क्रमांक अमुक मधील सामाईक विहीर व तीवरील ५ अश्वशक्तीची विद्युत मोटर यांचा वापर पक्षकारांनी वाराने करावा. सोमवार व मंगळवार प्रतिवादी क्र. अमुक, बुधवार व गुरुवार प्रतिवादी क्र. अमुक, शुक्रवार व शनिवार प्रतिवादी क्र. अमुक, रविवार प्रतिवादी क्र. अमुक. वार म्हणजे सकाळी ६ ते दुसऱ्या दिवशी सकाळी ६. दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी पाळी एका पक्षकाराने पुढे सरकेल. वीजबिल व दुरुस्तीचा खर्च क्षेत्राच्या प्रमाणात. पाळीत लाइट नसल्यास त्या पाळीची भरपाई मिळणार नाही.'

यातली पाळी सरकवायची ओळ मी शेतकऱ्यांकडून शिकलो. शेतीपंपाची थ्री फेज लाइट काही दिवस दिवसा, काही दिवस रात्री येते. वार कायमचे बांधले तर एकाच्या नशिबी सदा रात्रीचे दारे धरणे येते आणि वर्षाच्या आत भांडण. शेवटची ओळ निर्दयी वाटेल, पण ती नसली की 'माझे चार तास बुडाले' याचा हिशेब कुणीच मिटवू शकत नाही.

पैशाचे तसेच. 'भाऊ बहिणीस ९ लाख रुपये देतील' एवढे लिहिले की कधी, कुणी किती, कशाने, हे सगळे हवेत. दोघांचे साडेचार-साडेचार लाख वेगळे लिहा, नाहीतर एकाने भरले आणि दुसऱ्याने नाही, तर बहीण कुणाच्या दारात जाणार? निम्मी रक्कम पुरसीस दाखल होताना डिमांड ड्राफ्टने द्या आणि ड्राफ्टचा नंबर पुरसिशीत लिहा. उरलेल्याची तारीख, थकल्यास व्याजाचा दर, आणि रक्कम पूर्ण मिळेपर्यंत त्या त्या भावाच्या ७७ गुंठ्यांवर बोजा. हा बोजा सातबाऱ्याच्या इतर हक्कांत चढवून घ्या. भाऊ नाक मुरडतील, 'आमच्यावर विश्वास नाही का' म्हणतील. बहिणीने 'आहे, पण सोसायटीचं कर्ज काढायच्या आधी माझं नाव दिसू दे' म्हणावे. एक अट मात्र लिहू नका: 'हप्ता थकल्यास ही तडजोड आपोआप रद्द होईल.' मग वाटलेली जमीन पुन्हा सामाईक झाली की नाही, झालेल्या नोंदींचे काय, यावर नवा दावा उभा राहतो. थकला तर दरखास्त लावून वसूल करता यावे, एवढीच तजवीज ठेवा. मुदतही विचार करून घाला, कारण तडजोडीने ठरलेली मुदत दुसऱ्या बाजूच्या संमतीशिवाय कोर्ट सहसा वाढवून देत नाही. उसाचे बिल कधी जमा होते ते पाहून तारीख ठरवा.

जमिनीसाठी नुसते 'उत्तरेकडील ७७ गुंठे' लिहू नका. भूमी अभिलेखकडून मोजणी करून घेतलेला नकाशा, त्यात प्रत्येकाचा तुकडा वेगळ्या रंगात, चतुःसीमा, जायला-यायला वाट किती फुटांची आणि कुणाच्या हद्दीतून, हे सगळे पुरसिशीचा भाग म्हणून जोडा आणि नकाशावरही सगळ्यांच्या सह्या घ्या. नुसता हिस्सा ठरवणारा हुकूमनामा प्राथमिक राहतो. सारा भरणाऱ्या जमिनीचे प्रत्यक्ष वाटप मग दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते, तिथून तहसीलदार, तिथून मोजणी, आणि फाइल फिरत राहते. सह्यांचा नकाशा असला की ते काम पुष्कळ हलके होते. तुकडेबंदी (ठरावीक क्षेत्राहून लहान तुकडा पाडायला मनाई) आधी तपासा. २०२३ च्या अधिसूचनेनंतर बहुतेक जिल्ह्यांत बागायतीला १० आणि जिरायतीला २० गुंठे हे प्रमाणभूत क्षेत्र आहे. धाकट्या बहिणीचे २० बागायत गुंठे त्यात बसतात. पण सातबाऱ्यावर तेवढा भाग जिरायत दाखवला असेल तर अगदी काठावर येतो, आणि मोजणीत एखादा गुंठा रस्त्यात गेला की तुकडा पडतो. तिला २१ द्या म्हणजे डोक्याला ताप नाही. जमीन 'भोगवटादार वर्ग २' (परवानगीशिवाय हस्तांतर करता न येणारी) असेल तर सक्षम अधिकाऱ्याच्या परवानगीचा प्रश्न आधी सोडवा. कायद्याने जे करता येत नाही ते सर्वांच्या संमतीनेही करता येत नाही.

आईबद्दल तुम्ही विचारले नाही, तरी सांगतो. तिचे ४२ गुंठे ती सोडतेय हे मला पसंत नाही. ती सोडतच असेल तर राहण्याच्या हक्काबरोबर दरमहा किती रुपये, कुणी, कुठल्या तारखेला तिच्या खात्यात टाकायचे, आणि दवाखान्याचा खर्च कुणाचा, हे लिहा. तिचा हक्क इतर हक्कांत नोंदवा. 'मुले सांभाळतील' हे वाक्य माझ्या पुरसिशीत येत नाही; ते बेलिफाला अमलात आणता येत नाही.

फिरला तर काय? हुकूमनाम्याआधी कुणी फिरला, म्हणाला की अशी तडजोड झालीच नाही, तर कोर्ट तोच मुद्दा तिथल्या तिथे तपासते. सह्यांचा कागद असेल तर त्याचे काही चालत नाही. हुकूमनाम्यानंतर त्याच संहितेच्या कलम ९६(३) मुळे संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही, आणि आदेश २३ च्या नियम ३-अ मुळे तो रद्द करायला वेगळा दावाही नाही. पुष्पादेवी भगत विरुद्ध राजिंदरसिंग या २००६ च्या निकालात सांगितल्याप्रमाणे, फसवणूक झाली किंवा तडजोडच बेकायदा होती असे म्हणणाऱ्याने त्याच कोर्टात अर्ज करायचा. पश्चात्ताप झाला, जमिनीचा भाव वाढला, बायपास आला, या कारणांवर काही मिळत नाही. कुणी फक्त पाळत नसेल तर दरखास्त: ताब्यासाठी बेलिफ, दस्त करून द्यायला नकार दिल्यास कोर्टच तो करून देते, मनाई मोडली तर जप्ती किंवा दिवाणी कैद. १२ वर्षे वर सांगितलीच. पण अमुक बांधकाम काढून टाकावे अशा सक्तीच्या आज्ञेला मुदत ३ वर्षांचीच आहे. वाटेवरचा गोठा हटवायची अट घालणार असाल तर ही ३ वर्षे वहीत लिहून ठेवा.

शेवटची धावपळ हुकूमनामा झाल्यावरची. तो झाला की लोक घरी जातात आणि नक्कल मागायला विसरतात. त्याच आठवड्यात नकलेचा अर्ज द्या, निदान चार नकला घ्या, नकाशासह. एक तलाठ्याकडे (आता कागदावर ग्राम महसूल अधिकारी) फेरफारासाठी, एक भूमी अभिलेखात पोटहिस्सा पाडायला, एक बहिणीकडे, एक घरात. फेरफाराची नोटीस निघाली की हरकतीला १५ दिवस असतात. त्या १५ दिवसांत कुणी गावकीच्या रागाने हरकत घेतलीच, तर मंडळ अधिकाऱ्यासमोर नक्कल आणि रोजनाम्याची प्रत घेऊन स्वतः उभे राहा. आणि धाकट्या बहिणीला नोटिशीवर सही करायला सासरहून बोलावताना तिच्या नवऱ्याच्या मोबाइलवर निरोप टाकू नका, तिला स्वतःला फोन करा.